गावाची गोष्ट ॲमस्टरडॅमला पोचते, मग गावात परत का येत नाही?

विदर्भातलं तेलंग टाकळी हे कापूस पिकवणारं एक लहान गाव. जून लागला की बियाण्याची पाकिटं, खताच्या थैल्या, बँकेच्या चकरा आणि बँकेने हात वर केले की सावकाराचं दार. यात नवल काहीच नाही, अशी शेकडो गावं आहेत. पण २०११ च्या नोव्हेंबर महिन्यात याच गावातली पऱ्हाटी इथून सुमारे सात हजार किलोमीटर लांब, नेदरलँड्समधल्या ॲमस्टरडॅम शहरात पडद्यावर दिसली.

चित्रपटाचं नाव 'बिटर सीड्स', म्हणजे कडू बियाणं. दिग्दर्शक मिखा पेलेड, राहणार अमेरिका. पेरणीपासून वेचणीपर्यंतचा एक हंगाम, जमीन गहाण ठेवून काढलेलं कर्ज, किडीने खाल्लेलं पीक, लग्नाला आलेली मुलगी आणि शेजारची एक कॉलेजात शिकणारी पोरगी, जिला पत्रकार व्हायचं आहे. वडिलांनी आत्महत्या केलेल्या घरातली ही मुलगी आपल्याच गावात प्रश्न विचारत फिरते. चित्रपटाला त्या महोत्सवात पर्यावरणविषयक चित्रपटांसाठीचा पुरस्कारही मिळाला.

आता गंमत बघा. पडद्यावरचे शेतकरी मराठीत बोलतात. खाली इंग्रजी ओळी आल्या त्या गोऱ्या प्रेक्षकांसाठी. कापूस पट्ट्यातल्या माणसाला हा चित्रपट समजायला कुठल्याच भाषांतराची गरज नाही. तरीही या पट्ट्यातल्या किती गावांत तो लावला गेला? किती शाळांच्या पटांगणात, किती ग्रामसभांत त्यावर चर्चा झाली?

हा प्रश्न एका चित्रपटाचा नाही. दरवर्षी जगभरातल्या डॉक्युमेंटरी महोत्सवांत भारतातल्या खेड्यांच्या, वस्त्यांच्या गोष्टी जातात. टाळ्या पडतात, बक्षिसं मिळतात, पेपरात फोटो येतात. ज्यांची गोष्ट असते ते मात्र अनेकदा मोबाइलवर त्या बक्षिसाची बातमीच तेवढी वाचतात.

हा महोत्सव आहे तरी काय?

डॉक्युमेंटरी म्हणजे माहितीपट. यात नट-नट्या नसतात. खरी माणसं, खऱ्या जागा आणि घडलेल्या किंवा घडत असलेल्या गोष्टी असतात. पूर्वी टुरिंग टॉकीजच्या तंबूत किंवा तालुक्याच्या थिएटरात सिनेमा सुरू होण्याआधी सरकारी 'न्यूज रील' लागायचं, ते जुन्या माणसांना आठवत असेल. ते १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचं काम. माहितीपट म्हणजे सरकारी योजनांची जाहिरात, असा समज तिथूनच पक्का झाला. पण माहितीपट त्याच्या कितीतरी पुढे गेला आहे.

ॲमस्टरडॅमचा महोत्सव 'इड्फा' या नावाने ओळखला जातो. १९८८ मध्ये तो सुरू झाला आणि माहितीपटांच्या दुनियेत सर्वांत मोठ्या महोत्सवांत गणला जातो. दरवर्षी नोव्हेंबरमध्ये दहा-बारा दिवस शहरातल्या थिएटरांत अडीचशेच्या आसपास चित्रपट दाखवले जातात. गावाकडे यात्रेला जशी गर्दी होते तशी तिथे तिकिटासाठी रांग लागते, आणि रांग कशासाठी, तर कुठल्यातरी देशातल्या मच्छीमाराची, कामगाराची, शेतकऱ्याची गोष्ट बघायला.

यात्रेला जसा बाजार असतो तसा इथेही आहे. १९९३ पासून महोत्सवात 'फोरम' भरतो. दिग्दर्शक काही मिनिटांत आपल्या अर्धवट चित्रपटाची माहिती सांगतात आणि समोर बसलेले टीव्ही चॅनेल, संस्था, गुंतवणूकदार पैसे लावायचे की नाही ते ठरवतात. कुठल्या देशात कोणी दाखवायचं, किती वर्षं दाखवायचं, याचे सौदे अशाच बाजारांत होतात.

शिवाय १९९८ पासून महोत्सवाचा एक निधी आहे. तो आज 'इड्फा बर्था फंड' म्हणून ओळखला जातो. आशिया, आफ्रिका, लॅटिन अमेरिका अशा भागांतल्या दिग्दर्शकांना त्यातून मदत मिळते. हा निधी अनेक वर्षं सांभाळणाऱ्या इसाबेल अराते फर्नांडिस २०२५ पासून संपूर्ण महोत्सवाच्याच प्रमुख आहेत. गरीब देशांतल्या गोष्टींना पैसा कसा मिळतो आणि त्या गोष्टी कुठे अडतात, हे जवळून पाहिलेली व्यक्ती आता वरच्या खुर्चीत आहे. त्यामुळे हा प्रश्न तिथेही विचारण्याची हीच वेळ आहे.

महाराष्ट्रातून तिकडे काय काय गेलं?

'बिटर सीड्स'च्या दोन वर्षं आधी, २००९ मध्ये, दीपा भाटिया यांचा 'नीरोज गेस्ट्स' इड्फात दाखवला गेला. पत्रकार पी. साईनाथ यांच्यासोबत हा चित्रपट विदर्भातल्या आत्महत्याग्रस्त घरांपर्यंत जातो. साईनाथ एक हिशोब वारंवार मांडत आले आहेत. मुंबईत एका फॅशन सप्ताहाला ५१२ पत्रकार हजर होते, तिथला विषय होता सुती कपडे; त्याच काळात तो कापूस पिकवणारे विदर्भात मरत होते आणि तिथे बाहेरून गेलेले पत्रकार हाताच्या बोटांवर मोजण्याइतके होते.

२०१८ मध्ये आनंद पटवर्धन यांच्या 'विवेक' या चित्रपटाला इड्फाचा सर्वोत्तम मोठ्या लांबीच्या माहितीपटाचा पुरस्कार मिळाला. डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि कॉम्रेड गोविंद पानसरे यांच्या हत्यांपासून हा चित्रपट सुरू होतो. म्हणजे विषय पुण्या-कोल्हापुरातला, आणि मान्यता ॲमस्टरडॅमची.

नेदरलँड्समधलाच दुसरा महोत्सव रॉटरडॅमचा. तिथे २०२० मध्ये 'अ रायफल अँड अ बॅग' दाखवला गेला. आत्मसमर्पण केलेल्या एका नक्षलवादी जोडप्याची ती गोष्ट. बंदूक खाली ठेवली, संसार मांडला, पण पोराला शाळेत घालायचं तर जातीचा दाखला पाहिजे आणि त्यासाठी लागणारी कागदपत्रं जुळत नाहीत. सेतू केंद्राच्या रांगेत उभं राहिलेल्या कोणालाही ही अडचण समजावून सांगावी लागणार नाही. २०२३ मध्ये सर्वनिक कौर यांचा 'अगेन्स्ट द टाइड' अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात गाजला. मुंबईचे दोन कोळी मित्र, कमी होत चाललेली मासळी आणि कर्ज.

कापूस, मासळी, दाखला, कर्ज. हे विषय परदेशातल्या माणसाला नवे असतात. इथल्या माणसाचं ते रोजचं जगणं आहे. मग त्या चित्रपटांवर पहिला हक्क कोणाचा?

परतीची वाट कुठे अडते?

दिग्दर्शकांना दोष देऊन हा विषय संपत नाही. एकेका माहितीपटाला तीन-चार वर्षं लागतात, कधी दहाच्या वरही जातात. भारतात त्याला थिएटर मिळत नाही, चॅनेल सहसा घेत नाहीत. महोत्सव हीच त्यांची एकमेव खिडकी असते. पण ही खिडकी उघडण्याच्या अटीच अशा आहेत की चित्रपट गावापासून लांब जातो.

पहिली अडचण 'पहिल्या खेळा'ची. मोठ्या महोत्सवांना चित्रपट आधी कुठेही न दाखवलेला हवा असतो. त्यामुळे पूर्ण झालेला चित्रपटही दिग्दर्शक जपून ठेवतात. गावात दाखवला आणि कोणी मोबाइलवर काढून व्हॉट्सॲपवर टाकला तर सगळी मेहनत पाण्यात, ही भीती खोटी नाही.

दुसरी अडचण हक्कांची. चित्रपटाचे हक्क देशानुसार, चॅनेलनुसार विकले जातात. त्यामुळे जर्मनीत, फ्रान्समध्ये टीव्हीवर दिसणारा चित्रपट इथे उघडायला गेलं तर 'तुमच्या देशात उपलब्ध नाही' अशी पाटी येते. शेत आपलं, पीक आपलं, पण गोदामाची किल्ली भलत्याकडे.

तिसरी अडचण आपल्याच देशातली. सार्वजनिक ठिकाणी चित्रपट दाखवायला सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं. महोत्सवांना त्यातून सूट घ्यावी लागते आणि ती देणं सरकारच्या हातात आहे. 'विवेक'चंच उदाहरण घ्या. ॲमस्टरडॅमला पुरस्कार मिळाल्यानंतर २०१९ मध्ये केरळच्या माहितीपट महोत्सवात तो दाखवायचा होता, तर केंद्राकडून सूट मिळाली नाही. शेवटी केरळ उच्च न्यायालयाने परवानगी दिली तेव्हा खेळ झाला. जिथे राज्य सरकारच्या महोत्सवाला कोर्टात जावं लागतं, तिथे ग्रामपंचायत काय करणार?

पटवर्धन यांनी 'विवेक' भागाभागाने यूट्यूबवर टाकला. त्याआधीचा त्यांचा 'जय भीम कॉम्रेड' १९९७ च्या रमाबाई नगर गोळीबारापासून सुरू होतो आणि तो पूर्ण व्हायला १४ वर्षं लागली. तो त्यांनी मुंबईतल्या चाळींत, वस्त्यांत पडदा बांधून दाखवला. ज्यांचं दुःख त्यांनीच आधी बघावं, हा त्यामागचा साधा विचार. म्हणजे परतीची वाट अवघड आहे, पण बंद नाही. चालायची इच्छा लागते.

चित्रपटातल्या माणसाचंही काही म्हणणं असतं

चित्रपट परत येणं का गरजेचं, याचं सर्वांत बोलकं उदाहरण उत्तर प्रदेशातल्या बुंदेलखंडातलं आहे. २००२ मध्ये चित्रकूट भागातल्या गावांतल्या बायकांनी 'खबर लहरिया' नावाचं पत्र सुरू केलं. त्यांतल्या अनेक जणी दलित समाजातल्या. पुढे हातात स्मार्टफोन आले आणि छापील पत्राचं डिजिटल माध्यम झालं. त्यांच्यावर रिंटू थॉमस आणि सुश्मित घोष यांनी 'रायटिंग विथ फायर' हा चित्रपट केला. २०२१ मध्ये सनडान्समध्ये पुरस्कार मिळाले आणि २०२२ मध्ये तो ऑस्करच्या अंतिम यादीत गेला. असं नामांकन मिळालेला तो पहिला भारतीय मोठा माहितीपट.

ऑस्करचा सोहळा चार-सहा दिवसांवर असताना खुद्द 'खबर लहरिया'ने निवेदन काढलं. आशय असा होता की चित्रपट प्रभावी आहे, पण आमच्या कामाचं चित्र त्यात अपुरं आलं आहे. जणू आम्ही एकाच राजकीय पक्षाच्या मागे लागून बातम्या करतो असं त्यातून दिसतं, आणि ते बरोबर नाही. दिग्दर्शकांनी हा आपल्या नजरेतून केलेला चित्रपट आहे, अशी बाजू मांडली.

बरोबर कोण, हा मुद्दा बाजूला ठेवू. त्या बायकांकडे स्वतःचं माध्यम होतं, म्हणून त्यांचं म्हणणं जगाला कळलं. निवडणुकीच्या काळात त्यांना त्याच गावांत, त्याच पुढाऱ्यांसमोर माइक घेऊन उभं राहायचं होतं. पडद्यावरच्या चित्राची किंमत त्यांना मोजायची होती. ज्या शेतकऱ्याकडे असं माध्यम नाही, त्याने कुठे निवेदन काढायचं?

'बिटर सीड्स'बाबतही वाद आहेच. आत्महत्यांचं खापर बीटी बियाण्यावर फोडणं बरोबर नाही, असं म्हणणारे अभ्यासक आहेत. आंतरराष्ट्रीय अन्न धोरण संशोधन संस्थेच्या २००८ च्या अहवालातही बीटी कापूस आणि वाढत्या आत्महत्या यांचा थेट संबंध दिसत नाही असं म्हटलं होतं. दुसरीकडे, बीटी आल्यावर बोंडअळीची चिंता मिटली म्हणणाऱ्यांना २०१७ च्या हंगामात गुलाबी बोंडअळीने उत्तर दिलं. त्याच हंगामात यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने शेतकरी आणि शेतमजूर दगावले. बियाणं, भाव, पाऊस, कर्ज, औषध यांतलं नेमकं काय कुठे अडतं, हे कोरडवाहू शेतकऱ्याइतकं कोणाला कळणार? पण हा वाद झाला परदेशातल्या सभागृहांत आणि इंग्रजी नियतकालिकांत. गावाने चित्रपट बघितला असता तर तोही बोलला असता, 'हे बरोबर दाखवलं, हे राहिलं' असं म्हणाला असता. त्याने चित्रपटही सुधारला असता आणि वादही.

ओळख उघड झाली तर?

हा मुद्दा नुसत्या मानापमानाचा नाही, सुरक्षिततेचा आहे. झारखंडमधल्या एका शेतकरी बापाने मुलीवरच्या अत्याचाराविरुद्ध दिलेली लढाई निशा पाहुजा यांच्या 'टू किल अ टायगर'मध्ये आहे. २०२४ मध्ये या चित्रपटाला ऑस्करचं नामांकन होतं. घटना घडली तेव्हा मुलगी १३ वर्षांची होती. १८ पूर्ण झाल्यावर तिने चित्रपट बघितला आणि आपला चेहरा लपवू नये असं स्वतः ठरवलं, असं दिग्दर्शिकेने सांगितलं आहे. तरीही नेटफ्लिक्सवर चित्रपट आल्यावर, चित्रण तिच्या लहानपणचं असल्याने ओळख उघड होते, या मुद्द्यावर दिल्ली उच्च न्यायालयात याचिका दाखल झाली. पोक्सो कायद्याने अल्पवयीन पीडितेची ओळख प्रसिद्ध करायला बंदी आहे, हे प्रत्येकाने लक्षात ठेवावं.

इथे निदान एक गोष्ट झाली. जिची गोष्ट, तिने आधी चित्रपट पाहिला आणि मग होकार दिला. बहुतेकांच्या वाट्याला एवढंही येत नाही. शूटिंगच्या दिवशी एका कागदावर सही किंवा अंगठा घेतला जातो. कागद बरेचदा इंग्रजीत असतो आणि त्यात जगभरातले, कायमचे सगळे हक्क दिल्याचं लिहिलेलं असतं.

२०२३ मध्ये इड्फाच्या उद्घाटनाच्या रात्री गाझा युद्धावरून मंचावर निदर्शनं झाली. नंतर महोत्सवाने जी भूमिका घेतली तिच्या निषेधार्थ अनेक दिग्दर्शकांनी आपले चित्रपट काढून घेतले. त्यांना तो अधिकार होता. पण पडद्यावर दिसणाऱ्या माणसाला 'माझा प्रसंग काढून टाका' म्हणायचा अधिकार त्या सही केलेल्या कागदात सहसा नसतो.

मुंबई जवळ, पण किती?

ॲमस्टरडॅम लांबचं राहिलं. मुंबईतही १९९० पासून माहितीपट, लघुपट आणि ॲनिमेशनपटांचा आंतरराष्ट्रीय महोत्सव भरतो, दर दोन वर्षांनी. हा सरकारी महोत्सव. २००४ मध्ये भारतीय चित्रपटांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घालण्यात आली तेव्हा दिग्दर्शक भडकले आणि त्यांनी 'विकल्प' नावाने वेगळा महोत्सवच भरवला. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालं. २०२४ च्या जूनमध्ये महोत्सवाचं १८ वं पर्व झालं.

जनतेच्या पैशातून होणाऱ्या या महोत्सवात महाराष्ट्राच्या खेड्यांवरचे जे चित्रपट निवडले जातात, ते नंतर त्या-त्या तालुक्यात एकदा तरी दाखवावेत, ही मागणी अवास्तव नाही. प्रोजेक्टर अनेक जिल्हा परिषद शाळांत लोकवर्गणीतून आलेले आहेत. हवी आहे ती परवानगीची सोपी पद्धत आणि एक माणूस, जो हे काम आपलं समजेल.

कॅमेरा गावात आला तर काय विचारावं?

येणाऱ्याला हाकलून लावायचं कारण नाही. बाहेरचा माणूस आला म्हणून अनेक प्रश्न जगापुढे गेले. पण सही करण्याआधी पाच गोष्टी विचारायला हरकत नाही.

१. कागद मराठीत द्या आणि त्याची एक प्रत घरी ठेवू द्या.

२. चित्रपट कुठे कुठे दाखवणार? टीव्ही, इंटरनेट, परदेश, भारत, सगळं स्पष्ट सांगा.

३. पूर्ण झाल्यावर, बाहेर जाण्याआधी, ज्यांचं चित्रण आहे त्यांना दाखवणार का? एखादा प्रसंग धोक्याचा वाटला तर काढणार का?

४. लहान मुलं, अत्याचारग्रस्त बायका, सावकाराचं किंवा पोलिसांचं नाव घेणारी माणसं यांच्या सुरक्षिततेसाठी काय करणार?

५. महोत्सव आटोपल्यावर गावात एक खेळ लावणार का? तारीख नाही तरी महिना लिहून द्या.

चित्रीकरणासाठी माणसं पैसे घेऊ लागली तर ती पैशासाठी बोलतील, असं माहितीपटवाले म्हणतात. त्यात तथ्य आहे. पण वेचणीच्या दिवसांत तीन-तीन दिवस कोणाला बसवून ठेवलं तर त्याची रोजी बुडते, हेही तितकंच खरं. बुडालेल्या रोजीची भरपाई म्हणजे साक्ष विकत घेणं नव्हे.

आणि महोत्सवांकडूनही एक अपेक्षा ठेवता येते. चित्रपट निवडताना ते लांबी विचारतात, भाषा विचारतात, आधी कुठे दाखवला ते विचारतात. त्याच अर्जात आणखी एक रकाना हवा: ज्यांच्यावर हा चित्रपट आहे त्यांनी तो पाहिला का, आणि नसेल तर कधी पाहणार? गरीब देशांतल्या चित्रपटांना जो निधी मिळतो, त्यातला छोटा हिस्सा गावातल्या खेळासाठी राखून ठेवला तर एक पडदा, एक स्पीकर आणि जीपचं भाडं सहज निघेल.

आज गावातल्या प्रत्येक दुसऱ्या हातात कॅमेरा आहे. पुराचं पाणी, कोसळलेला पूल, बाजार समितीतला काटा, हे सगळं गावकरी स्वतःच टिपतात आणि त्यातून कामंही होतात. उद्या याच पोरा-पोरींतून कोणी ॲमस्टरडॅमला जाईल. तोवर बाहेरून येणाऱ्या कॅमेऱ्याला पाणी द्यावं, चहा द्यावा, गोष्टही सांगावी. फक्त गोष्ट उसनी दिली आहे, दान नाही, एवढं त्याला निघताना सांगावं.